आंबेनळीतला खडक वर का चढतो?

पावसाळ्यात पोलादपूरहून महाबळेश्वरला निघालं की आंबेनळी घाटात जागोजागी कड्यावरून पाणी कोसळत असतं. दरडीचं भय नसलेली जागा बघून उतरा. पडत्या पाण्यात एकाच ठिकाणी मिनिटभर नजर रोखा आणि मग शेजारच्या शेवाळलेल्या खडकाकडे पाहा. खडक वर सरकू लागतो. सरकतो, पण जागा मात्र सोडत नाही! काही क्षणांत सगळं पूर्ववत.

‘डोळे शिणले, दुसरं काय!’ असं म्हणून आपण गाडीत बसतो. पण एक डोळा झाकून पाणी पाहा, मग तो उघडून दुसरा झाका. ज्या डोळ्याने पाणी पाहिलंच नाही, त्यालाही खडक थोडा चढताना दिसतो. म्हणजे शीण डोळ्यात नाही, दोन्ही डोळ्यांचा हिशेब जिथे एकत्र होतो त्या मेंदूत आहे.

रॉबर्ट ॲडम्स यांनी १८३४ मध्ये स्कॉटलंडमधल्या फॉयर्सच्या धबधब्यावर हेच पाहून लिहून ठेवलं. त्यांनी दोष दिला डोळ्यांच्या स्नायूंच्या नकळत हालचालीला. ते पटत नाही. फिरत्या सर्पिलाकडे टक लावून थांबलं, तर समोरचं चित्र चहूबाजूंनी फुगतं किंवा आक्रसतं. बुबुळ एकाच वेळी चारी दिशांना कसं जाईल? खरं कारण असं, की मेंदूत खाली जाणारी हालचाल टिपणाऱ्या पेशी वेगळ्या आणि वर जाणारी टिपणाऱ्या वेगळ्या. स्थिर खडकापुढे दोघींचं पारडं समान असतं. मिनिटभर पाणी पाहून पहिल्या मंदावतात आणि पारडं दुसरीकडे झुकतं.

भ्रम कळला की जातो, हाही गैरसमजच. महाबळेश्वरच्या डोंगरामागून पौर्णिमेचा चंद्र येतो तेव्हा केवढा दिसतो! हवा भिंगासारखी त्याला मोठा करते म्हणतात. तसं काही नाही. हात लांब करून करंगळीचं नख धरा, चंद्र त्यामागे झाकतो. मध्यरात्री माथ्यावर आलेलाही तसाच झाकतो. एवढं करूनही पुढच्या पौर्णिमेला तो मोठाच दिसणार. का, यावर शास्त्रज्ञांचं अजून एकमत नाही.

मात्र सगळंच मेंदूच्या माथी मारू नये. एप्रिल-मेमध्ये महाडजवळ मुंबई-गोवा महामार्गावर पुढे पाणी चमकतं, ते मोबाइलच्या फोटोतही येतं. डांबरालगतच्या तापलेल्या, विरळ हवेत प्रकाश खरोखरच वळतो. रस्त्यावर दिसतं ते आभाळ.