चौदा दिवसांत घेतलेला देश

रत्नागिरीत पाहुणा आला की त्याला फिरवायच्या जागा ठरलेल्या असतात. मांडवी, रत्नदुर्ग, पतितपावन मंदिर, टिळकांचं जन्मघर आणि थिबा राजवाडा. राजवाड्यापाशी पोचल्यावर पाहुणा हमखास विचारतो, "ब्रह्मदेशचा राजा इथं कसा?" आपण सांगून मोकळे होतो, "इंग्रजांनी आणून ठेवला." उत्तर बरोबरच आहे. पण त्यामागचे आकडे एकदा कागदावर मांडून बघा. मी मांडले, आणि एक रविवार त्यातच गेला.

सुरुवात २३ लाख रुपयांपासून करू. बॉम्बे बर्मा ट्रेडिंग कॉर्पोरेशन ही कंपनी १८६३ मध्ये आपल्या मुंबईत स्थापन झाली. ब्रह्मदेशातल्या राजाच्या जंगलांतून ती सागवान तोडून नेत असे. जेवढे ओंडके नेले तेवढ्यांचे पैसे भरले नाहीत, असा ठपका मंडालेच्या दरबारानं १८८५ मध्ये ठेवला आणि कंपनीला २३ लाखांचा दंड ठोठावला. (ही कंपनी अजून आहे. आता ती वाडिया समूहात असून ब्रिटानियात तिचा मोठा वाटा आहे. चहात बुडवलेल्या बिस्किटाचा संबंध असा थेट राजवाड्याशी पोचतो.)

दंड हे निमित्त होतं. खरी धास्ती फ्रान्सची होती. पलीकडे इंडोचायनात फ्रेंच हातपाय पसरत होते आणि जानेवारी १८८५ मध्ये थिबाच्या दरबारानं त्यांच्याशी करार केला होता. हिंदुस्थानच्या उंबऱ्यावर दुसरी महासत्ता येऊन बसणार, हे इंग्रजांना खपण्यासारखं नव्हतं. २२ ऑक्टोबरला निर्वाणीचा खलिता गेला. १४ नोव्हेंबरला जनरल प्रेंडरगास्टची सुमारे दहा हजारांची फौज आगबोटींतून इरावती चढू लागली. त्या फौजेत बहुसंख्य शिपाई हिंदी होते. २८ नोव्हेंबरला मंडाले पडलं.

कोनबाँग घराणं १७५२ पासून राज्य करत होतं. १३३ वर्षं उभं राहिलेलं सिंहासन उतरवायला १४ दिवस पुरले. मंडालेच्या राजवाड्याभोवतीचा चौकोनी तट एकेका बाजूला दोन किलोमीटर लांब, म्हणजे नुसती एक फेरी मारायची तर आठ किलोमीटर. बाहेर ६४ मीटर रुंदीचा खंदक. त्या तटाचा ऐनवेळी कवडीचा उपयोग झाला नाही. १ जानेवारी १८८६ ला उत्तर ब्रह्मदेश ब्रिटिश साम्राज्यात विलीन केल्याचा जाहीरनामा निघाला. थिबाचा जन्म १ जानेवारी १८५९ चा. सत्ताविसाव्या वाढदिवशी तो मद्रासेत कैदी होता आणि देश दुसऱ्याच्या खात्यावर चढला होता.

थिबा काही संत नव्हता. १८७९ मध्ये गादीला धोका नको म्हणून त्याच्या राजवटीत भाऊबंदांची जी कत्तल झाली, तिच्यातल्या बळींचा आकडा सत्तरपासून शंभरापर्यंत सांगितला जातो. तेव्हा त्याच्या नावानं उगाच गळा काढायला नको.

पण इंग्रजांनी राजा नेला तेव्हा त्याच्याबरोबर आणखी एक गोष्ट गेली. मंडालेच्या सभोवार डोंगरपट्ट्यात तीसहून अधिक शान संस्थानं होती. त्यांच्या राजांना सोब्वा म्हणत. काचिन, चिन, करेन्नी ही मंडळी आणखी वेगळी. यांतले बरेचसे सिंहासनाशी नजराणा आणि शपथेच्या नात्यानं बांधलेले. ती गाठ ढिली होती, कित्येक सोब्वा थिबाविरुद्ध उठलेही होते, पण गाठ होती. इंग्रजांनी तीच कापली. सखल भागात राजाच नाहीसा करून थेट आपला कारभार लावला आणि डोंगरात सोब्वांना गादीवर ठेवून कारभार निराळा चालवला. एका देशाचे दोन देश झाले. डोंगराळ सरहद्दीचा हा वेगळा मुलूख जवळपास निम्मा देश व्यापत होता.

१४ दिवसांत घेतलेला देश १४ दिवसांत ताब्यात येत नाही, हे लगेच कळलं. गावोगाव बंडाळी पेटली. देश घ्यायला दहा हजार लागले होते, तो राखायला तीस हजारांवर सैनिक आणि वर हजारोंनी लष्करी पोलीस लागले. गावंच्या गावं जाळली गेली, तरी शांतता यायला चारेक वर्षं गेली.

इकडे एप्रिल १८८६ मध्ये थिबा रत्नागिरीला पोचला. मंडालेहून हे अंतर सरळ रेषेत सुमारे २,४५० किलोमीटर. त्यानं राज्य केलं सात वर्षं आणि दोन महिने. रत्नागिरीत काढली तीस वर्षं आणि आठ महिने, म्हणजे अकरा हजारांहून अधिक दिवस. राजेपणाच्या दर दिवसामागे कैदेचे चार दिवसांहून जास्त. भाट्याच्या खाडीकडे तोंड करून उभा असलेला राजवाडा बांधून व्हायलाच १९१० उजाडलं. चोवीस वर्षं राजा बंगल्यांत दिवस काढत होता आणि खऱ्या राजवाड्यात जेमतेम सहा वर्षं राहिला.

याच हिशेबात एक गोष्ट अशी निघते की कादंबरीकारानं लिहिली असती तर आपण त्याला हसलो असतो. २३ जुलै १८५६ ला रत्नागिरीत जन्मलेल्या बाळ गंगाधर टिळकांना १९०८ मध्ये सहा वर्षांची शिक्षा झाली आणि सरकारनं त्यांना नेऊन ठेवलं मंडालेला, थिबाच्याच किल्ल्याच्या तटाआत, लाकडी गजांच्या खोलीत. १९१४ पर्यंत मंडालेचा राजा रत्नागिरीत आणि रत्नागिरीचा टिळक मंडालेत. गीतारहस्य तिकडे लिहिलं गेलं, तेव्हा इकडे थिबा आपल्या जडजवाहिराचा हिशेब मागणारे अर्ज सरकारला लिहीत होता. एकाच्या लिखाणाची पारायणं झाली, दुसऱ्याचं दप्तरात पडलं.

आता नकाशा काढा. आजचा म्यानमार ६,७६,५७८ चौरस किलोमीटरचा. आपला रत्नागिरी जिल्हा ८,२०८. म्हणजे ८२ रत्नागिरी. एकटा शान प्रांत १९ रत्नागिरींएवढा, महाराष्ट्राच्या निम्मा. सरकारमान्य वांशिक गट १३५. चीनशी सरहद्द २,१२९ किलोमीटर, भारताशी १,६४३. महाराष्ट्राची किनारपट्टी आपण शाळेत ७२० किलोमीटर शिकलो. एवढा किनारा सांभाळताना आपली काय तारांबळ उडते ते २००८ च्या मुंबई हल्ल्यात पाहिलंय. इथं नुसत्या चीनच्या बाजूला तिच्या तिप्पट लांबीची, घनदाट डोंगरातली रेघ आहे आणि तिच्या अल्याड-पल्याड त्याच जमाती राहतात.

स्वातंत्र्याच्या तोंडावर, १२ फेब्रुवारी १९४७ ला, बर्मी नेते आँग सान यांनी पांगलाँगला शान, काचिन आणि चिन पुढाऱ्यांशी करार करून तुटलेली गाठ पुन्हा मारली. १९ जुलैला त्यांचा खून झाला. नव्या घटनेनं शान आणि करेन्नी राज्यांना दहा वर्षांनंतर फुटून निघण्याचा हक्क लिहून दिला होता. लग्नातच घटस्फोटाची तारीख घालावी तसं. ती दहा वर्षं भरली, पण सुटका कुणाची झाली नाही. १९६२ मध्ये ने विन यांच्या लष्करानं घटनाच गुंडाळली. करेन बंड तर त्याआधीच, जानेवारी १९४९ च्या अखेरीस पेटलं होतं. ते अजून चालू आहे. पाऊणशे वर्षं उलटली, म्हणजे लढणाऱ्यांचे नातू लढताहेत.

फ्रान्सच्या जागी आता चीन आहे. बंगालच्या उपसागरावरच्या चाऊकफ्यूपासून युन्नानपर्यंत त्याची ७७१ किलोमीटरची तेलवाहिनी जाते, वर्षाला दोन कोटी वीस लाख टन तेल वाहण्याच्या क्षमतेची. अशी नळी ज्याच्या अंगणातून जाते, त्या घरातलं भांडण पूर्ण मिटावं किंवा पूर्ण पेटावं, यातलं काहीच शेजाऱ्याला सोयीचं नसतं. २७ ऑक्टोबर २०२३ ला तीन बंडखोर सेनांनी शान प्रांतात चढाई केली. ऑगस्ट २०२४ मध्ये त्यांनी लाशिओ घेतलं, लष्कराच्या ईशान्य विभागाच्या मुख्यालयासकट. मग चीननं सरहद्दीची दारं लावली, दाब आणला, आणि एप्रिल २०२५ मध्ये लढून जिंकलेलं शहर वाटाघाटींत लष्कराला परत गेलं. १८८५ मध्ये निदान आगबोटी तरी पाठवाव्या लागल्या होत्या.

भारतानंही २०२४ मध्ये त्या १,६४३ किलोमीटरवर कुंपण घालायचं जाहीर केलं. अरुणाचल, नागालँड, मणिपूर, मिझोराम, चारही राज्यांतून. तोवर दोन्हीकडच्या रहिवाशांना १६ किलोमीटर आतपर्यंत ये-जा करायची मुभा होती. आता मिझोराममधल्या माणसाला मामाच्या घरी जायला कागद दाखवावा लागणार.

थिबा डिसेंबर १९१६ मध्ये रत्नागिरीतच वारला. राणी सुपयालत मुलींना घेऊन १९१९ मध्ये ब्रह्मदेशी परतली. राजाला मात्र न्यायची परवानगी मिळाली नाही. त्याच्या देशाचा राष्ट्राध्यक्ष, थेन सेन, कबरीवर फुलं वाहायला आला तो डिसेंबर २०१२ मध्ये, ९६ वर्षांनी. राजवाडा पाहून झाल्यावर पाहुण्याला तिथंही न्या. शिवाजीनगरात आहे, फार लांब नाही.