दह्याची निवळी, पिवळे विकर आणि जनुकांचा अहवाल

गुढीपाडव्याच्या आदल्या रात्री नेपरव्हिलमधील अनेक मराठी घरांत श्रीखंडासाठी दही पातळ फडक्यात बांधून टांगले जाते. सकाळी खालच्या भांड्यात हिरवट-पिवळ्या रंगाची निवळी साचलेली असते आणि बहुधा ती ओतून दिली जाते. हा रंग रायबोफ्लेविनचा, म्हणजे बी-२ जीवनसत्त्वाचा. दुधाच्या निवळीतील हे रंगद्रव्य १८७९ साली इंग्रज रसायनशास्त्रज्ञ ब्लाइद यांनी नोंदवले. पुढे ‘पिवळा’ या अर्थाच्या लॅटिन शब्दावरून अशा द्रव्यांच्या कुळाला ‘फ्लेविन’ हे नाव पडले.

याच घरांत अलीकडे आणखी एक नाव ऐकू येते : एमटीएचएफआर. लाळेचा नमुना टपालाने पाठवला की जनुकांचा अहवाल येतो, त्यात या जनुकाचे वेगळे रूप आढळल्याचे लिहिलेले असते आणि त्यापाठोपाठ ‘मिथाइलफोलेट’च्या महागड्या गोळ्यांची खरेदी होते. निवळीतला पिवळा रंग आणि अहवालातील ही अक्षरे यांचा संबंध थेट आहे. तो समजला की मराठी कुटुंबांनी खरी काळजी कशाची करावी, याचे उत्तरही मिळते.

रंग गेला की काम थांबते

१९३२ साली बर्लिनमध्ये ओटो वॉरबुर्ग आणि वाल्टर ख्रिस्तियान यांनी यीस्टमधून पिवळ्या रंगाचे एक विकर, म्हणजे एन्झाइम, वेगळे केले. वॉरबुर्ग यांच्या प्रयोगशाळेत आलेले स्वीडिश शास्त्रज्ञ ह्यूगो थिओरेल यांनी त्यातील प्रथिन आणि पिवळा घटक अलग केले. सुटे असताना दोन्ही निष्क्रिय राहिले. पुन्हा एकत्र आणताच विकर काम करू लागले. थिओरेल यांना १९५५ चे नोबेल पारितोषिक मिळाले.

अशा प्रथिनांना फ्लेव्होप्रथिने म्हणतात. आहारातील बी-२ पासून शरीर एफएमएन आणि एफएडी हे दोन सहघटक तयार करते आणि ते या प्रथिनांत जाऊन बसतात. त्यांचे काम इलेक्ट्रॉनांची ने-आण करण्याचे : एका रेणूकडून घ्यायचे आणि दुसऱ्याला द्यायचे. एमटीएचएफआर हे याच कुळातील एक विकर असून त्याच्या कुशीत एफएडी असते.

मिथिओनिनची पुनर्घडण

मिथिओनिन हे अत्यावश्यक अमिनो आम्ल आहे. वनस्पती आणि जिवाणू ते मुळापासून घडवतात. माणसाला ते अन्नातूनच घ्यावे लागते. डाळीत ते कमी, तांदळात तुलनेने अधिक, म्हणून वरण-भाताची जोडी पोषणाच्या दृष्टीनेही शहाणपणाची ठरते. मात्र शरीर मिळालेले मिथिओनिन एकदा वापरून टाकून देत नाही. डीएनएवर खुणा करण्यापासून चेतासंस्थेतील रसायने घडवण्यापर्यंत अनेक कामांसाठी ते आपला मिथाइल गट देते आणि शेवटी होमोसिस्टीन उरते. या होमोसिस्टीनवर नवा मिथाइल गट चढवला की पुन्हा मिथिओनिन तयार होते.

हा नवा गट फोलेटकडून येतो. एमटीएचएफआर आपल्या पिवळ्या एफएडीच्या साहाय्याने फोलेटचे मिथाइलफोलेट करते. पुढे मिथिओनिन सिंथेज हे दुसरे विकर तो गट होमोसिस्टीनवर बसवते. त्यासाठी त्याला कोबाल्टयुक्त बी-१२ लागते. कधीकधी हे कोबाल्ट ऑक्सिडीकरण होऊन निकामी होते. तेव्हा त्याला पूर्ववत करणारे विकरही फ्लेव्होप्रथिनच असते. बी-२, फोलेट आणि बी-१२ ही तीन जीवनसत्त्वे अशी एकाच साखळीत गुंफलेली आहेत.

सैल बसलेला एफएडी

१९९५ साली मॉन्ट्रियलच्या मॅकगिल विद्यापीठातील रिमा रोझेन यांच्या गटाने एमटीएचएफआर जनुकातील ६७७ व्या स्थानावरचा बदल शोधला. त्यामुळे प्रथिनातील एक अमिनो आम्ल बदलते आणि उष्णतेत विकराची क्षमता लवकर घटते. असे का होते, हे पाहण्यासाठी विकराची रचना समजणे आवश्यक होते.

प्रथिनाचे स्फटिक करून त्यांवर क्ष-किरण सोडले की त्यातील अणूंची मांडणी उलगडता येते. नेपरव्हिलजवळच्या आर्गोन राष्ट्रीय प्रयोगशाळेतील महाकाय क्ष-किरण यंत्रणेवर जगभरातील संशोधक हेच काम करतात. मिशिगन विद्यापीठातील मार्था लुडविग आणि रोवेना मॅथ्यूज यांच्या गटाने १९९९ साली जिवाणूतील एमटीएचएफआरची रचना याच पद्धतीने प्रसिद्ध केली. तिच्या आधारे उलगडा झाला तो असा : बदललेल्या विकरातून एफएडी सहज निसटतो, आणि पुरेसे फोलेट असेल तर तो जागी टिकून राहतो. थिओरेल यांनी परीक्षानळीत पाहिलेली गोष्ट येथे माणसाच्या पेशीत घडत होती.

मग बी-२ वाढवले तर? आई आणि वडील दोघांकडून हे रूप मिळालेल्या व्यक्तींना उत्तर आयर्लंडमधील संशोधकांनी रोज १.६ मिलिग्रॅम रायबोफ्लेविन १६ आठवडे दिले. २००६ साली प्रसिद्ध झालेल्या निष्कर्षानुसार त्यांचे होमोसिस्टीन सरासरी २२ टक्क्यांनी घटले. ही मात्रा रोजच्या आहारातून मिळणाऱ्या बी-२ च्याच पातळीवरची आहे.

पुण्याने दाखवलेली दुसरी कडी

मराठी माणसाच्या बाबतीत मात्र साखळीची कमकुवत कडी बहुधा दुसरी असते. पुण्याच्या केईएम रुग्णालयातील डॉ. चित्तरंजन याज्ञिक आणि सहकाऱ्यांनी खेडी, झोपडपट्टी आणि शहरी मध्यमवर्ग यांतील ४४१ मध्यमवयीन पुरुषांची तपासणी केली. २००६ साली प्रसिद्ध झालेल्या या अभ्यासात ६७ टक्के पुरुषांमध्ये बी-१२ कमी आणि ५८ टक्क्यांमध्ये होमोसिस्टीन वाढलेले आढळले. शहरी मध्यमवर्गात बी-१२ कमी असलेल्यांचे प्रमाण ८१ टक्के होते. नेपरव्हिलमधील बरीच कुटुंबे याच वर्गातून आलेली आहेत.

पुण्याजवळच्या सहा गावांतील गरोदर स्त्रियांच्या अभ्यासातून आणखी गंभीर बाब पुढे आली. सुमारे दोन-तृतीयांश मातांमध्ये बी-१२ कमी होते. फोलेटची कमतरता जवळजवळ नव्हतीच. ज्या मातांमध्ये फोलेट जास्त आणि बी-१२ कमी होते, त्यांच्या मुलांमध्ये सहाव्या वर्षी इन्सुलिनला प्रतिरोध सर्वाधिक आढळला, असे २००८ च्या शोधनिबंधात नोंदवले आहे.

अमेरिकेत हा असमतोल वाढण्यास वाव आहे. १९९८ पासून येथील ‘एनरिच्ड’ पिठात दर १०० ग्रॅमला १४० मायक्रोग्रॅम फोलिक आम्ल घालणे बंधनकारक आहे. त्या पिठात बी-२ देखील असते. बी-१२ मात्र नसते. पाव, पास्ता खाणाऱ्या शाकाहारी घरात त्यामुळे फोलेट भरपूर आणि बी-१२ तुटपुंजे, अशी स्थिती येऊ शकते. एमटीएचएफआरने घडवलेले मिथाइलफोलेट मागे फिरत नाही. बी-१२ नसेल तर ते तसेच अडकून पडते. त्यावर मिथाइलफोलेटची आणखी गोळी घेणे म्हणजे पुढचा दरवाजा बंद असताना मागून गर्दी वाढवणे. शिवाय जास्त फोलिक आम्लामुळे रक्तक्षय झाकला जातो आणि चेतातंतूंची हानी मात्र चालूच राहते.

अहवाल हाती आल्यावर

एमटीएचएफआरचे वेगळे रूप असले तरी शरीर फोलिक आम्ल वापरू शकते, असे अमेरिकेच्या रोग नियंत्रण केंद्राने स्पष्ट केले आहे. गरोदरपणापूर्वी आणि गरोदरपणात सांगितलेले फोलिक आम्ल जनुकाच्या अहवालावरून बंद करणे धोक्याचे आहे. बाळाच्या मज्जारज्जूतील दोष टाळण्याचा पुरावा त्याच्याच बाजूने आहे. प्रश्न ते सोडण्याचा नाही, त्याच्या जोडीला बी-१२ आहे की नाही, हे पाहण्याचा आहे.

शाकाहारी व्यक्ती, मधुमेहासाठी दीर्घकाळ मेटफॉर्मिन घेणारे आणि भारतातून मुलांकडे आलेले ज्येष्ठ यांनी डॉक्टरांशी बी-१२ च्या तपासणीबद्दल बोलणे इष्ट. तळपायांना मुंग्या येणे किंवा तोल जाणे हे वयाचे लक्षण म्हणून सोडून देऊ नये. निकाल सीमारेषेवर असल्यास होमोसिस्टीन आणि मिथाइलमॅलोनिक आम्ल या चाचण्यांनी चित्र स्पष्ट होते. त्यांतील दुसरी बी-१२ च्या कमतरतेकडे अधिक नेमके बोट दाखवते. मूत्रपिंडाचा विकार असल्यास मात्र दोन्ही वाढू शकतात.

दूध-दह्यात बी-२ आणि बी-१२ दोन्ही असतात. तरीही कमतरता सिद्ध झाल्यास केवळ वाटीभर दह्यावर विसंबता येत नाही, उपचार घ्यावेच लागतात. जनुक बदलता येत नाही. रक्तातील बी-१२ मोजता येते, आणि भरूनही काढता येते.