अर्ध्या सेकंदाचा उशीर आणि टळलेलं मोठं संकट

तुमच्या मोबाइलमध्ये बँकेचं, रेल्वे तिकिटाचं, फोटोंचं, मुलांच्या अभ्यासाचं अशी कितीतरी ॲप्स असतील. ती वेगवेगळी दिसली तरी आतून बरंच काही सामायिक वापरतात. फोटो उघडणं, फाइलचा आकार कमी करणं अशी कामं प्रत्येक कंपनी नव्याने लिहीत बसत नाही. त्यासाठी तयार फाइली असतात. त्यांना ‘शेअर्ड लायब्ररी’ म्हणतात. विंडोजवर त्या ‘डीएलएल’ नावाने ओळखल्या जातात, तर लिनक्स आणि अँड्रॉइडवर ‘एसओ’ नावाने.

सोसायटीच्या गच्चीवरची पाण्याची टाकी डोळ्यांसमोर आणा. टाकी एकच, पण नळ प्रत्येक घरात. सोय मोठी आहे, पण टाकीत काही मिसळलं तर ते सगळ्यांच्याच घरात पोहोचणार. २०२४ मध्ये अगदी असंच घडता घडता राहिलं.

एकट्याच्या खांद्यावरचा भार

‘एक्सझेड’ हे फाइल लहान करणारं मोफत सॉफ्टवेअर आहे. त्याची ‘लिबएलझेडएमए’ ही लायब्ररी जगभरातल्या लिनक्स संगणकांमध्ये असते. तिची देखभाल लासे कॉलिन हे वर्षानुवर्षं जवळजवळ एकट्याने आणि विनामोबदला करत होते. २०२२ मध्ये त्यांनी आपल्या मानसिक आरोग्याच्या अडचणी उघडपणे सांगितल्या होत्या. तरीही काम लवकर करा, नाहीतर दुसऱ्याकडे सोपवा, असा तगादा काही जणांनी लावला.

त्याच सुमारास ‘जिया टॅन’ हे नाव धारण केलेली व्यक्ती मदतीला आली. तिने दोन वर्षांहून अधिक काळ नीट काम केलं, विश्वास मिळवला आणि नवी आवृत्ती प्रसिद्ध करण्याचे अधिकारही मिळवले. फेब्रुवारी २०२४ मध्ये ५.६.० ही आवृत्ती आली. तिच्यात एक चोरदरवाजा दडवला होता. वाचता येण्याजोग्या कोडमध्ये त्याचा मुख्य भाग नव्हताच. तो चाचणीसाठी ठेवलेल्या, निरुपद्रवी दिसणाऱ्या फाइलींमध्ये होता. ज्याच्याकडे गुप्त किल्ली, त्याला दुसऱ्याच्या सर्व्हरवर हवी ती आज्ञा चालवता आली असती.

चोरी पकडली कशी?

मायक्रोसॉफ्टमधले अभियंता आंद्रेस फ्रॉइंड आपल्या संगणकाचा वेग मोजत होते. दुसऱ्या संगणकाशी सुरक्षितपणे जोडून देणारा ‘एसएसएच’ हा प्रोग्रॅम जास्त वेळ घेतोय, हे त्यांच्या लक्षात आलं. आधी जेमतेम ०.३ सेकंदात होणाऱ्या कामाला आता ०.८ सेकंद लागत होते.

इथे कामी आली सॉफ्टवेअरची तपासणी करणारी साधनं. प्रोग्रॅमचा वेळ कुठे खर्च होतो हे ‘पर्फ’ दाखवतं. त्याने बोट दाखवलं ते लिबएलझेडएमएकडे, पण तिच्या आतलं नेमकं कोणतं काम चालू आहे, त्याचं नाव काही सापडेना. मग त्यांना आठवलं, की मेमरीतल्या चुका शोधणाऱ्या ‘वॅलग्राइंड’नेही काही आठवड्यांपूर्वी विचित्र तक्रारी केल्या होत्या. धागा जुळला. २९ मार्च २०२४ रोजी त्यांनी जगाला सावध केलं. तोवर ही आवृत्ती लिनक्सच्या मुख्यतः चाचणी आवृत्त्यांमध्येच पोहोचली होती, म्हणून मोठा अनर्थ टळला.

तुम्ही काय कराल?

अशी टाकी तुमच्या फोनमध्येही आहे. सप्टेंबर २०२३ मध्ये ‘वेबपी’ प्रकारचे फोटो उघडणाऱ्या एका लायब्ररीत गंभीर त्रुटी सापडली, तेव्हा क्रोम, फायरफॉक्ससह अनेक ॲप्सना तातडीने अपडेट द्यावे लागले. म्हणून या सवयी घरातल्या सगळ्यांना लावा :

● ‘अपडेट करा’ अशी सूचना आली की ‘नंतर बघू’ म्हणू नका. आईबाबांचे, आजीआजोबांचे फोनही तपासा.

● ॲप अधिकृत स्टोअरमधूनच घ्या. मेसेजमधून आलेल्या लिंकवरून नको.

● न वापरली जाणारी ॲप्स काढून टाका.

आणि घरात कुणी संगणक शिकत असेल, तर त्याला ही गोष्ट जरूर सांगा. इतकी मोठी चोरी पकडली गेली ती एका माणसाने अर्ध्या सेकंदाच्या उशिराकडे दुर्लक्ष केलं नाही म्हणून. आपण रोज वापरतो त्या कितीतरी सोयी अशा न दिसणाऱ्या माणसांच्या कामावर उभ्या आहेत. तुमच्या मुलामुलींपैकी कुणी उद्या त्यांच्या मदतीला गेलं, तर तो भार एकट्याचा राहणार नाही.