भाकरी थापावीच का लागते?

सोलापूरकडच्या मालदांडी ज्वारीची भाकरी थापावी लागते; पोळीसारखी पातळ लाटू गेलं की कडा चिरतात. ज्वारीत प्रथिनं कमी म्हणून असं होतं, हा समज चुकीचा आहे. तिच्या दाण्यातही साधारण 10 टक्के प्रथिनं असतात. फरक आहे तो घडणीचा. अमिनो आम्लांची साखळी कशी दुमडते, कुणाशी जोडली जाते, यावर प्रथिनाचं काम ठरतं. गव्हातली प्रथिनं मळताना एकमेकांत गुंतून ताणलं जाणारं जाळं विणतात. ज्वारीतलं मुख्य प्रथिन, काफिरिन, मात्र पाण्याला टाळतं आणि सूक्ष्म गोलकांत बंद असतं. जाळं होणार कुठून? आधणाच्या पाण्यात मळल्यावर पिठाचा गोळा बांधला जातो खरा, पण ती करामत फुगलेल्या स्टार्चची.

कुणी म्हणेल, हा फरक घडणीचा नाही, अमिनो आम्लांच्या प्रमाणाचा आहे. साखळीचा क्रमच घडण ठरवतो, हे मान्यच. पण पचनाचा पुरावा पाहा. गोलकांत सहज पचणारं अल्फा-काफिरिन आत असतं, तर गंधकाच्या बंधांनी आवळलेलं बीटा आणि गॅमा-काफिरिन बाहेर. पाण्यात शिजवताना हे बंध वाढतात, म्हणून शिजलेल्या ज्वारीतली प्रथिनं पोटातल्या पेप्सिन या पाचक विकराला कमी दाद देतात. अमेरिकेत सापडलेल्या एका उत्परिवर्तित ज्वारीत गोलकांना खोल घड्या पडलेल्या असतात. त्यामुळे अल्फा-काफिरिन उघडं पडतं आणि लवकर पचतं. आपल्याकडे सोलापूर जिल्ह्यातल्या मंगळवेढ्याच्या ज्वारीला 2016 मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. तिचे नवे वाण निवडताना उतारा आणि कडब्याइतकंच या गोलकांकडेही पाहायला हवं. अडचण एवढीच, की त्या अमेरिकी ज्वारीचा दाणा मऊ, पिठूळ निघतो.