स्नेहाचा पुरावा : जिवंत दात्याच्या अवयवदानास लागणारी कायदेशीर मान्यता

'दान' हा शब्द मराठी आणि कन्नड या दोन्ही भाषांनी संस्कृतातून घेतला. त्याबरोबर दानकथांचा वारसाही घेतला. दधीचीने आपल्या अस्थी दिल्या, शिबी राजाने आपले मांस दिले, कर्णाने अंगची कवचकुंडले उतरवून दिली. या कथांमध्ये घेणारा दात्याचा आप्त नसतो, आणि तो आप्त नसल्यामुळेच दान श्रेष्ठ ठरते. आधुनिक भारतीय कायद्याने हा क्रम नेमका उलटा लावला आहे. आप्ताने आप्ताला दिलेला अवयव तो तुलनेने सहज मान्य करतो. परक्याने दिलेल्या अवयवाकडे तो सर्वाधिक संशयाने पाहतो. असे का, हे समजून घेतल्यास साहित्याच्या अभ्यासकालाही काही मिळण्याजोगे आहे.

या संशयाला इतिहासाचा आधार आहे. १९८० च्या दशकात आणि १९९० च्या दशकाच्या प्रारंभी मुंबई, मद्रास आणि बेंगळुरू ही मूत्रपिंडांच्या खरेदी-विक्रीची केंद्रे म्हणून ओळखली जात. गरजू माणूस मूत्रपिंड विकी आणि कागदावर त्याची नोंद 'दाता' अशी होई. हा व्यवहार रोखण्यासाठी मानवी अवयव प्रत्यारोपण कायदा, १९९४ संमत झाला. आरोग्य हा राज्यांच्या अखत्यारीतील विषय असल्याने संसदेने तो गोवा, हिमाचल प्रदेश आणि महाराष्ट्र या राज्यांच्या विधिमंडळांनी केलेल्या ठरावांच्या आधारे केला. पुढे कर्नाटकानेही तो स्वीकारला. २०११ च्या दुरुस्तीने त्यात ऊतींचा समावेश झाला आणि २०१४ मध्ये नवे नियम आले.

कायद्याच्या रचनेत 'निकटचा नातेवाईक' ही संज्ञा मध्यवर्ती आहे. मूळ कायद्यात पती किंवा पत्नी, मुलगा, मुलगी, आई, वडील, भाऊ आणि बहीण एवढेच आप्त होते. २०११ च्या दुरुस्तीने आजी, आजोबा, नातू आणि नात यांची भर पडली. यांच्यातील दान रुग्णालयातील सक्षम प्राधिकारी नात्याची आणि ओळखीची कागदपत्रे पाहून मान्य करू शकतो. कागदपत्रे अपुरी पडल्यास जनुकीय चाचणीचा आधार घेता येतो. या यादीबाहेरच्या दात्याला मात्र, कलम ९ च्या तिसऱ्या पोटकलमानुसार, स्नेहापोटी, जिव्हाळ्यापोटी किंवा अन्य विशेष कारणास्तव अवयव द्यायचा असल्यास प्राधिकार समितीची पूर्वपरवानगी लागते. त्यासाठी दाता आणि रुग्ण यांनी संयुक्त अर्ज करावा लागतो. नकार द्यायचा झाल्यास समितीला कारणे लेखी नोंदवावी लागतात, आणि त्याविरुद्ध तीस दिवसांत अपील करता येते.

येथे भाषेचा आणि कायद्याचा नात्यांचा नकाशा वेगळा पडतो. मराठीत चुलतभाऊ हा भाऊच असतो. मावशी ही आईसारखीच. कायद्याला दोन्ही परके. कर्नाटकातील अनेक समाजांत मामा-भाचीच्या विवाहाची रूढी आहे. अशा कुटुंबात मामाने भाचीला मूत्रपिंड देऊ केले तर तो समितीपुढे उभा राहील. तोच मामा तिचा पती असेल तर निकटचा नातेवाईक ठरेल. माणसे तीच, रक्त तेच. बदलते ते केवळ नात्याचे कायदेशीर नाव.

समितीपुढे सिद्ध काय करायचे? पैशाची देवघेव झालेली नाही, मध्यस्थ किंवा दलाल नाही, आणि दात्याला अवयव का द्यावासा वाटतो याला पटण्याजोगे कारण आहे. नियमांनुसार समिती दोघांमधील संबंधाचा वृत्तान्त ऐकते, एकत्र राहिल्याचे पुरावे आणि दोघांची एकत्र असलेली जुनी छायाचित्रे पाहते, मागील तीन आर्थिक वर्षांच्या उत्पन्नावरून दोघांच्या सांपत्तिक स्थितीतील अंतर जोखते आणि दात्याच्या जवळच्या आप्तालाही विचारते. किंबहुना समिती येथे वाचकाची भूमिका बजावते : तिच्यापुढे एक कथन असते आणि ते विश्वसनीय आहे की रचलेले, हे तिला ठरवायचे असते. दाता स्त्री असेल तर अधिक दक्षता घ्यावी आणि तिची संमती स्वतंत्र असल्याची खात्री रुग्णाव्यतिरिक्त अन्य व्यक्तीकडून करून घ्यावी, असेही नियम सांगतो. कुटुंबातील त्यागाचा भार कोणावर पडतो, याची ही कायद्याने दिलेली मूक कबुलीच होय.

हे कथन कोणी वाचावे, हा प्रश्न सर्वोच्च न्यायालयापुढे कुलदीप सिंग विरुद्ध तमिळनाडू राज्य (२००५) या प्रकरणात आला. पंजाबातील दाता आणि रुग्ण यांची शस्त्रक्रिया चेन्नईत व्हायची होती. हेतूची खरी पारख दोघे जेथले रहिवासी आहेत त्या राज्याची समितीच अधिक चांगली करू शकेल, आणि हेतू निर्मळ असल्याचे दाखविण्याची जबाबदारी अर्जदारांची आहे, असे न्यायालयाने म्हटले. २०१४ च्या नियमांनुसार नातेवाईक नसलेला दाता किंवा रुग्ण परराज्यातील असेल तर त्याच्या वास्तव्याची पडताळणी तहसीलदाराने किंवा प्राधिकृत अधिकाऱ्याने करून द्यावी लागते. बेंगळुरूतील मराठी कुटुंबाला याचा अर्थ सहज कळेल : कोल्हापूरचा मावसभाऊ दाता असेल तर त्याच्या जिव्हाळ्याची वाट तहसील कचेरीतून जाते.

या व्यवस्थेतील पेच उघड आहे. गरीब दात्याचा निर्व्याज स्नेह, केवळ तो गरीब आहे म्हणून, संशयास्पद ठरू शकतो. आणि ज्याच्याजवळ जुनी छायाचित्रे नाहीत त्याची मैत्री पुराव्याअभावी नाकारली जाऊ शकते. उलट, सराईत दलाल छायाचित्रेही जमवू शकतो. तरीही समितीच नको, असे म्हणता येत नाही. ती नसतानाचे बेंगळुरू आपल्याला ठाऊक आहे. पुराणकथेत दात्याची परीक्षा देव घेतात आणि अखेरीस त्याचे शरीर बहुधा पूर्ववत करून देतात. समितीला तसे करता येत नाही. दिलेले मूत्रपिंड परत येत नाही, म्हणूनच तिला दान होण्यापूर्वी विचारावे लागते : हे तू का देतोस?