दीड हजार व्हॉल्व्हचा हट्ट

टॉमी फ्लॉवर्स यांचं म्हणणं ब्लेचली पार्क या ब्रिटिशांच्या संदेशफोड केंद्रातल्या बऱ्याच जणांना पटत नव्हतं. साल 1943. हिटलरच्या बड्या सेनाधिकाऱ्यांचे संदेश 'लोरेन्झ' यंत्रातून गुप्त होऊन निघत आणि ते फोडायला ब्रिटिशांना वेगवान यंत्र हवं होतं. त्यासाठी पोस्ट खात्यातला हा इंजिनिअर दीड हजारांवर व्हॉल्व्ह जोडायला निघाला होता. व्हॉल्व्ह म्हणजे जुन्या रेडिओत तांबूस उजळायचा, तोच. एवढ्यांतला एखादा सारखा जाणार, मग यंत्र चालणार कधी?

शंका बिनबुडाची नव्हती. हवा काढून घेतलेल्या काचेच्या नळीत तार तापवली, की इलेक्ट्रॉन बाहेर पडतात. मधल्या जाळीवरचा विद्युतदाब बदलून त्यांचा प्रवाह अडवता येतो किंवा सोडता येतो. हलणारा भाग एकही नाही, त्यामुळे टेलिफोन एक्सचेंजमधल्या खटखटणाऱ्या रिलेपेक्षा नळीचं काम शेकडो पटींनी झटपट. पण तार तापते, निवते, पुन्हा तापते आणि एक दिवस दगा देते.

गवंड्याचा मुलगा असलेल्या फ्लॉवर्स यांनी युद्धाआधी टेलिफोनच्या यंत्रणेत हजारो व्हॉल्व्ह वापरून पाहिले होते. व्हॉल्व्ह जातो तो बहुधा चालू-बंद करताना, हे त्यांना तिथेच उमगलं होतं. तो बंदच करायचा नाही, एवढं साधं उत्तर! लंडनच्या डॉलिस हिल इथल्या पोस्ट खात्यातल्या वरिष्ठांनी हिरवा कंदील दिला, फ्लॉवर्स यांनी पदरचे पैसेही घातले आणि जानेवारी 1944 मध्ये 'कोलोसस' ब्लेचलीत दाखल झाला. त्याच्या चाकांवरून छिद्रं पाडलेली कागदी पट्टी प्रकाशाच्या झोतापुढून पळायची आणि सेकंदाला 5,000 अक्षरं वाचली जायची. 1 जूनला सुमारे 2,400 व्हॉल्व्हची सुधारित आवृत्ती चालू झाली. नॉर्मंडीवरची स्वारी तेव्हा पाच दिवसांवर होती.

युद्ध संपेपर्यंत असे दहा 'कोलोसस' झाले. मग बहुतेक मोडून टाकण्यात आले आणि कागदपत्रं फ्लॉवर्स यांनी हुकमानुसार स्वतःच्या हाताने जाळली. बक्षीस मिळालं 1,000 पौंड. पदरचा खर्चही त्यात भरून निघाला नाही. पुढे तसंच यंत्र बांधायला त्यांनी बँक ऑफ इंग्लंडकडे कर्ज मागितलं. असलं काही चालेल यावर बँकेचा विश्वास बसेना, आणि आपण ते आधीच चालवलंय हे सांगायची त्यांना मुभा नव्हती! 1970च्या दशकापर्यंत हे सारं गुलदस्त्यातच राहिलं.

त्यामुळे पहिल्या इलेक्ट्रॉनिक संगणकाचा मान बराच काळ अमेरिकेच्या 'एनिॲक'कडे गेला. अर्थात तोही काही लहानसहान नव्हता. फिलाडेल्फियात जॉन मॉक्ली आणि प्रेस्पर एकर्ट यांनी बांधलेल्या या यंत्रात सुमारे 18,000 व्हॉल्व्ह होते, वजन 30 टन. फेब्रुवारी 1946 मध्ये ते जगापुढे आलं, तेव्हा सेकंदाला 5,000 बेरजा करत होतं. एकर्ट यांचा स्वभाव विलक्षण चिकित्सक. व्हॉल्व्हना झेपेल त्याहून कमी दाबावर ते चालवत, म्हणजे आयुष्य वाढतं. तारांसाठी आवरण निवडताना तर त्यांनी उपाशी उंदीर आणले आणि ते कोणत्या तारा कुरतडत नाहीत ते पाहिलं. गणितं यंत्रावर मांडायची म्हणजे शेकडो केबल आणि खटके जुळवायचे; हे किचकट काम सहा तरुणींनी केलं. कौतुकाच्या बातम्यांत त्यांची नावं मात्र आली नाहीत.

मुंबईनेही व्हॉल्व्हचा संगणक बांधला. टाटा इन्स्टिट्यूट ऑफ फंडामेंटल रिसर्चमध्ये आर. नरसिंहन यांच्या चमूने आधी एक लहान नमुना चालवून पाहिला आणि 1960 मध्ये मोठं यंत्र कामाला लावलं. नरसिंहन सोडले, तर चमूतल्या कुणी तोवर संगणक वापरलेला नव्हता. यंत्रात सुमारे 2,700 व्हॉल्व्ह होते. स्मृती 2,048 शब्दांची, प्रत्येक शब्द 40 बिटांचा. 1962 मध्ये पंडित नेहरूंनी त्याला 'टिफ्रॅक' हे नाव दिलं. तोवर परदेशांत ट्रान्झिस्टरचे संगणक बाजारात आले होते. 1964 मध्ये संस्थेत सीडीसी 3600 हा तसाच अमेरिकी संगणक आला आणि 'टिफ्रॅक'ची गणितं त्याच्याकडे गेली.