ट्रेडीगरचा औषधनिधी

ब्रिटनच्या पश्चिमेस वेल्स हा डोंगराळ प्रदेश आहे. त्याच्या दक्षिण भागातील एका अरुंद खोऱ्यात ट्रेडीगर नावाचे गाव वसले आहे. सुमारे १८०० साली तेथे लोखंडाचा कारखाना निघाला आणि पुढे कोळशाच्या खाणींनी सारे खोरे व्यापून टाकले. गावाच्या मध्यभागी १८५८ मध्ये उभारलेला ओतीव लोखंडाचा घड्याळाचा मनोरा आजही त्या दिवसांची साक्ष देत उभा आहे.

खाणीतील काम जिवावरचे असे. कधी छत कोसळे, कधी ज्वालाग्राही वायूचा स्फोट होई. १४ ऑक्टोबर १९१३ रोजी सेंघेनिड येथील खाणीत स्फोट होऊन ४३९ कामगार ठार झाले. त्यांना वाचवावयास गेलेला एक जणही दगावला. पण अशा अपघातांची निदान वार्ता तरी होते. कोळशाची धूळ मात्र मुकाट्याने फुप्फुसात साचत जाई आणि चाळिशी-पन्नाशीतला धडधाकट माणूस चार पायऱ्या चढताना धापा टाकू लागे. घरचा मिळवता माणूस अंथरुणास खिळला म्हणजे वैद्यास पैसे द्यावे की मुलांच्या मुखी घास घालावा, असा प्रश्न त्या घरापुढे उभा राही.

ट्रेडीगरच्या कामगारांनी यावर स्वतःच उपाय शोधला. १८९० साली त्यांनी एक वैद्यकीय साहाय्य संस्था स्थापन केली. प्रत्येक सभासदाने आपल्या मजुरीतून पौंडामागे तीन पेनी द्यावयाच्या, असा नियम होता. त्या काळी पौंडाच्या २४० पेनी होत. म्हणजे आपल्या हिशेबाने ही वर्गणी रुपयामागे सव्वा पैसा झाली. जास्त मजुरी असणाऱ्याने जास्त द्यावे, कमी असणाऱ्याने कमी. उपचार मात्र दोघांस सारखेच. कामगारांनी निवडलेली समिती डॉक्टरांस पगारावर नेमी. त्यामुळे रोग्याने डॉक्टरच्या हाती पैसे ठेवण्याचा प्रसंगच येत नसे. पुढे संस्थेकडे शल्यविशारद, दंतवैद्य, औषधे देणारे व परिचारिकाही आल्या. १९११ च्या सरकारी विमा कायद्याने डॉक्टरची सोय केली ती केवळ कामगाराची. त्याच्या बायकामुलांची नव्हे. ट्रेडीगरच्या संस्थेने साऱ्या कुटुंबास आपले मानले, आणि मला हीच तिची सर्वांत मोठी कामगिरी वाटते. अखेर गावातील बहुतेक सर्व लोक तिच्या छायेखाली आले.

ए. जे. क्रोनिन हे स्कॉटिश डॉक्टर १९२० नंतरच्या काही वर्षांत या संस्थेच्या नोकरीत होते. या अनुभवांचा उपयोग त्यांनी १९३७ च्या ‘द सिटाडेल’ या कादंबरीत केला. तीत अशा संस्थेवर टीकाही आहे, आणि ती अगदीच निराधार नसावी. कामगारांची समिती झाली तरी तीत हेवेदावे असावयाचेच.

याच गावात १८९७ साली अनायरिन बेव्हन यांचा जन्म झाला. वडील खाणकामगार होते. तेराव्या वर्षी शाळा सोडून अनायरिनही खाणीत उतरले. बोलताना ते अडखळत. परंतु कामगारांच्या वाचनालयातील ग्रंथांचा त्यांनी फडशा पाडला व पुढे पार्लमेंटातील नामांकित वक्ते म्हणून कीर्ती मिळविली. १९२५ साली धुळीच्या रोगाने वडिलांनी त्यांच्याच मिठीत प्राण सोडला. त्या मृत्यूबद्दल कुटुंबास भरपाई म्हणून काहीही मिळाले नाही.

१९४५ मध्ये बेव्हन ब्रिटनचे आरोग्यमंत्री झाले. आपल्या गावात जे घडले तेच साऱ्या देशात घडवावे, हा त्यांचा निश्चय होता. डॉक्टरांच्या संघटनेने कडवा विरोध केला. १९४८ च्या फेब्रुवारीत घेतलेल्या मतदानात डॉक्टरांनी प्रचंड बहुमताने योजना झिडकारली. बेव्हन यांनी काही बाबतींत माघार घेतली. रुग्णालयांतील मोठ्या तज्ज्ञांस खाजगी रोगी पाहण्याची मुभा दिली. मूळ तत्त्व मात्र सोडले नाही. ५ जुलै १९४८ रोजी राष्ट्रीय आरोग्य सेवा सुरू झाली. वर्गणीची जागा मुख्यतः सरकारी करांनी घेतली.

चष्मे व कवळ्या यांवर आकार बसविण्याचे सरकारने ठरविले, तेव्हा १९५१ साली बेव्हन यांनी मंत्रिपदाचा राजीनामा दिला. औषधचिठ्ठीवरही १९५२ पासून आकार सुरू झाला. पुढे वेल्सच्या शासनाने आपल्या प्रदेशापुरता तो आकार १ एप्रिल २००७ पासून पूर्णपणे रद्द केला. तोवर त्या खोऱ्यांतील मोठ्या खाणी बहुतेक सर्व बंद पडल्या होत्या.